जास्वंदीच्या कुंडीतल्या गोळ्या

आजवर कुणालाच, अगदी बायकोलाही, सांगितलेलं नाही: जास्वंदीच्या कुंडीत सापडलेल्या त्या गोळ्या माझ्या होत्या.

चारेक वर्षांपूर्वी कोल्हापुरातल्या एका मनोरुग्णालयात मी महिनाभर होतो. ऑफिसात कावीळ झाल्याचं कळवलं होतं. तिथं नाश्त्यानंतर रांग लागायची. सिस्टर हातावर गोळी ठेवायच्या, पाणी प्यायला लावायच्या आणि म्हणायच्या, "आ करा. जीभ वर." आम्ही सगळे बाप्ये पहिलीतल्या पोरांसारखे आ करून उभे. माझी मागची एक दाढ पडलेली. गोळी त्या खड्ड्यात अगदी बेमालूम बसायची. गोळीनं सुस्ती येते आणि कॅरम हरायला होतं, एवढंच माझं दुखणं. मग खिडकीतल्या कुंडीत ती बोटानं पुरायची.

त्या कुंडीला पाणी घालायचे शेजारच्या कॉटवरचे मामा. इचलकरंजीला मागावर काम करणारे. शनिवारी त्यांना घरी सोडणार होते, कारण रविवारी लेकीचा साखरपुडा. नवा सदरा त्यांनी आठवडाभर गादीखाली इस्त्रीला घातला होता.

शुक्रवारी सिस्टरनी कुंडीतली माती उकरली. नऊ गोळ्या निघाल्या. मामांच्या नि माझ्या गोळ्या दिसायला सारख्याच.

"मामा, हे काय?"

"बाई, मी कशाला पेरू? उगवून आल्या तर खुडून परत मलाच चारशीला की!"

वॉर्ड खो खो हसला. मीही. डॉक्टरांनी मामांचा मुक्काम आठ दिवसांनी वाढवला. रोज सांगतील तेवढा आ करणारा मी, त्या दिवशी तोंड उघडलं नाही. माझाही मुक्काम वाढेल म्हणून.

साखरपुडा मामांवाचून झाला. सोमवारी लेक पेढे घेऊन आली.

"काय बागायतदार, औंदा पीक कसं हाय?" कुणीतरी मामांना छेडलं.

मामांनी पहिला पेढा माझ्या हातावर ठेवला. "घ्या पावणं. समद्यांनी माझी टर उडवली, तुम्ही तेवढं कायबी बोलला न्हाईसा."

पेढा गालात धरून मी बसून राहिलो.

"आ करा," मामा डोळे मिचकावत म्हणाले, "जीभ वर!"

इचलकरंजी माझ्या घरापासून तासाभरावर आहे. मी अजून गेलेलो नाही. त्या गोळ्या माझ्या होत्या, हे मामांना आणि त्यांच्या लेकीला समोर बसून सांगणं माझ्याकडून राहिलं आहे.