जपानी रीत आन् पायाळू पोरीची लाथ

वलवणच्या धरणाजवळ एका बंगल्यात मी चहापाणी करायचो. शाळा म्या लांबनंच बघितलेली, पर बडबडीत कुनाला हार जायचो न्हाई. कुठल्याशा कारखान्यात मशिनं बसवायला जपानचा इंजिनेर आला, तो बंगल्यात उतरला. त्याची हिंदी मोडकी, माझी त्याहून मोडकी. म्हनून आमचं लय जमलं.

एकदा त्यानं बायकूचा फोटू दावला. "शादी का बात, हम खुद बोला." त्यांच्यातली नवी पोरं म्हनं पोरीसंगं चहाला जात्यात, फिरत्यात. मग एक दिवस तिच्याम्होरं ताठ उभं ऱ्हायचं, मनातलं बोलायचं, कमरंत वाकायचं आन् जबाब येईस्तवर वर बघायचं न्हाई. हा ष्टेशनावर वाकलेला. गाडी आली, गेली, हा आपला वाकलेलाच. मग ती व्हय म्हनली. ऐकताना माझ्या हातातला चहा थंड झाला.

बंगल्यावर दूध घालायला एक पोरगी यायची. आमच्यातलीच. माझा जीव तिच्यावर. आन् रविवारी तिला बघायला देहूरोडच्या डेपोतला नोकरदार येनार व्हता. आमच्यात पोरीला कोन इचारतंय? बापानं बापाला इचारायचं. माझा बाप म्हनला, "नोकरदाराफुडं तुझी किटली घिऊन जाऊ व्हय?"

मग जपानी रीतच ऱ्हायली. शनवारी ती आली, संगं तिची मावशी. मी ताठ उभा ऱ्हायलो. बोलायचं ते समदं इसरलो, वाकायचं तेवढं ध्येनात व्हतं. वाकलो. जबाब येईना, म्हनून मी वर येईना.

"आगं बया, उसण भरली ह्याला!" मावशी वरडली. "कंबर धरलीया. मार गं लाथ, तू पायाळू हायेस."

पायाकडनं जन्मलेल्या मानसाची लाथ बसली की उसण जाती, हे आमच्याकडं शेंबडं पोरबी सांगंल. उसण न्हाई म्हनावं, तर मग काय हाय, म्हनून मावशी इचारनार.

"मारू का?" पोरीनं हळूच इचारलं.

"मार."

मी थेट दुधाच्या चरवीवर.

"बरं वाटलं का?"

"लय."

त्या गेल्यावर इंजिनेर पळत आला. "क्या बोला? क्या बोला?"

"साब, लाथ मारा."

त्या दिशी चहा त्यानंच केला. पानचट व्हता, पर म्या पिला.

रविवारी तिचं ठरलं. लगनात वाढपी मीच. पाठवणीच्या येळंला मोटारीपाशी ती म्हनली, "कंबर बरी हाय नव्हं?"

"बरी हाय."

"परत भरली तर?"

मावशी मधीच म्हनली, "तर ये म्हनावं देहूरोडला, लाथ खायाला!"

समदी हासली. मी तर सगळ्यात मोठ्यांदा. ती हासली का न्हाई, ते दिसलं न्हाई. मी तिची पेटी उचलायला वाकलो व्हतो.