टायरवाल्या काकूचं अंगण

वस्तीत तिला सगळे टायरवाली काकूच म्हणत. नवरा गेल्यावर पंक्चरचं दुकान तिनं एकटीनं रेटलं. मागच्या मोकळ्या जागेत झिजलेल्या टायरांचा ढीग आणि त्यावर दिवसभर पोरांचा धुडगूस. ज्यांच्या घरी दारू, भांडणं, नाहीतर नुसतंच कुलूप, ती पोरं हमखास तिथं. आधी काकू हाकलायची. मग गुडघे बोलायला लागले, दुकान बंद झालं आणि हाकलणंही सुटलं. तिनं टायर पुरून चढण केली, दोर बांधले, सुताराकडून जुन्या फळ्या आणल्या. नियम एकच: "मारामारी नाही. बाकी काय घालायचा तो गोंधळ घाला."

मागच्या गल्लीत आग लागली, त्यानंतर एक आजी नातीला घेऊन आली. आगीत मुलीचा धाकटा भाऊ गेला होता. तेव्हापासून पोरीची वाचाच बसली होती.

"बोलत नाही हो. जेवतेही जेमतेम," आजी म्हणाली.

"नको बोलू दे. बसू दे इथं."

पोर टायरात मुटकुळं करून बसून राही. काकू विचारायची काही नाही.

एका दुपारी पोर उठली. फळ्या टेकवून तिनं खोली उभी केली. पोरांना हाताला धरून आत बसवलं, सगळ्यात लहान पिटुकल्याला कोपऱ्यात. स्वतः बाहेर आली आणि ओरडली, "आग! पळा!"

पोरं किंचाळत बाहेर धावली. ती मात्र आत घुसली, पिटुकल्याला पाठुंगळी घेऊन आली, तिनं त्याला डोक्यापासून पायापर्यंत चाचपलं. मग म्हणाली, "पुन्हा."

थांबवावं असं काकूला वाटलं, पण ती बघत उभी राहिली.

पुढे कितीतरी दिवस तोच खेळ. एरवी दोरासाठी एकमेकांच्या झिंज्या उपटणारी कार्टी निमूट आत जाऊन बसत. त्यांना कुणी सांगितलं होतं? काकूनं तर नाही.

शेवटी पिटुकलाच कंटाळला. "ताई, आज मी माझा पळू?"

तिनं विचारलं, "येईल तुला?"

"मग! बघच!"

तो पळाला, ठेचकाळला, आपटला आणि उठून हसत सुटला. तीही खदखदून हसली.

दुसऱ्या दिवशी त्या खोलीत पोरीनं खेळातलं दुकान थाटलं. नातीची गिऱ्हाइकांशी घासाघीस ऐकून आजी फाटकातून थेट काकूकडे धावली.

"काय औषध दिलंत हो?"

"मी नुसती बघत होते," काकू म्हणाली. तिचे हात आपसूक जुळले होते. कुणापुढे, ते तिलाही सांगता आलं नसतं.