पितराच्या पाटावर हवालदार

अमळनेरच्या कोर्टानं माझ्या बाजूनं हुकूम दिला, तेव्हा मी कुणाला पेढे वाटले नाहीत. वडिलांमागे राहिलेल्या शेताचा अर्धा वाटा माझा, आणि ताबा घेताना मला पोलिस संरक्षण द्यावं, असा तो हुकूम होता. संरक्षण सख्ख्या थोरल्या भावापासून. त्यानं बांधावर काठी उगारून मला अडवलं होतं, हे खरं. पण मी वाढलो ते घर त्याच्याकडे होतं. शेत हातात आल्यावर त्या घरात मला पुन्हा पाऊल टाकता येईल का, हा विचार धुळ्याच्या भाड्याच्या खोलीत माझा पिच्छा सोडत नव्हता.

ठाण्यात विचारलं, कोणता दिवस? मी आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, सांगितली. आमच्याकडे शेतीचं वर्ष आखाजीला बदलतं, जुना सालदार सुटतो, नवा लागतो, म्हणून तो दिवस सोयीचा, असं कारण दिलं. मनात वेगळंच होतं. वडील जाऊन काही वर्षं झाली होती, पण आखाजीला गेलेल्यांच्या नावानं पाण्याची घागर पुजायचीच असते. भाऊ त्यांच्या नावाची घागर भरण्यात गुंतलेला असेल, आजच्या दिवशी काठी उचलणार नाही, असं मी धरून चाललो होतो.

सोबत एक वयस्क हवालदार मिळाले. गावात एसटीतून उतरताना ते म्हणाले, "साहेब, सणाचा दिवस तुम्हीच मागितला म्हणे. माझ्या घरीपण घागर आहे."



हुकूम आधी भावाला दाखवायचा होता, म्हणून आम्ही घरी गेलो. पूजा झाली होती. घागरीवर डांगर, म्हणजे खरबूज, आणि आंबे ठेवलेले, पाट मांडलेला. पितर म्हणून, वडिलांच्या जागी जेवायला त्यांचे एक जुने सोबती यायचे होते. ते आमच्या मागोमागच आले, ओट्याजवळ खाकी कपडे पाहिले आणि उंबऱ्यापाशीच थबकले.

"आज आखाजी शे," ते माझ्याकडे न बघता म्हणाले. "पोलिस उभा शे त्या घरमा मी जेवत नही." आणि निघून गेले.

वहिनी दारातच रडायला लागली. पितर जेवल्याशिवाय घरात कुणी घास घेत नाही. भावानं हुकूम वाचला, घडी करून परत दिला आणि हवालदारांना म्हणाला, "साहेब, हातपाय धुई ल्या. बठा."

"मी?"

"तुमनामुये पितर गया. आते तुमीच पितर."

हवालदारांनी माझ्याकडे पाहिलं. "यांना बाहेर एकटं सोडून मला बसता येणार नाही."

"मंग याले बी आत ल्या. मी खाई टाकाव नही."

असा मी त्या घरात शिरलो. भिंतीला टेकून बसलो. वहिनीनं पुरणपोळी आणि रस वाढला, हवालदारांना आग्रह केला, माझ्यासमोर मुकाट्यानं ताट ठेवलं. मी पोळी कुस्करत राहिलो, उठताही येईना.

जेवण झाल्यावर पितराच्या पाया पडायची रीत आहे. भाऊ पडला. वहिनी पडली. मग दोघंही माझ्याकडे बघत उभे राहिले. मी उठलो आणि ज्यांना भावापासून वाचवण्यासाठी आणलं होतं, त्यांच्या पायांवर, वडिलांचे समजून, डोकं ठेवलं. हवालदारांचा हात माझ्या डोक्यापर्यंत आला आणि मध्येच थांबला. "असू द्या, असू द्या," ते पुटपुटले आणि टोपी शोधू लागले.

शेतावर भावानं अडवलं नाही. मी दाखवलं तिथे हद्दीच्या खुणा रोवू दिल्या, ताब्याच्या कागदावर सही केली. परत फिरताना तो म्हणाला, "आते घर येशी तव्हय पोलिस लईसनच ये. नही ते येऊ नको."

शेत मी बटाईनं कसायला दिलं. पुढच्या आखाजीला धुळ्यात मी घागर आणली, वडिलांचं नाव घेऊन भरली. बायकोनं विचारलं, "पितर म्हणून कुणाला सांगितलंय?" मी चपला घालून बाहेर पडलो. गल्लीच्या टोकापर्यंत गेलो. कुणाच्या दारात उभं राहून काय सांगायचं, ते सुचेना. घरी आलो, तर पोरं उपाशी बसली होती. मीच पाटावर बसलो.