हजर माणसाची गैरहजेरी

माणसाला किंवा एखाद्या खात्याला हटवायला इंग्रजीत किती शब्द आहेत, ते मला विचारा. अबॉलिश, डिझॉल्व्ह, डिमोट, रिलीव्ह, फेज आउट. वरच्या मजल्यावर एमबीए झालेली मंडळी आली तेव्हापासून त्यात सनसेटची भर पडली आहे. कपाळ माझं! खातं बंद करायचं आणि त्याला सूर्यास्त म्हणायचं. चाकणच्या एका कंपनीत, एचआरमध्ये, इंग्रजी नोटिशींचं मराठी करायचं काम मी एकोणीस वर्षं करते आहे. हे सगळे शब्द माझ्या हाताखालून गेलेत, आणि त्यांच्यामागे काय उरतं तेही मी पाहिलंय.

कामगारांची समिती डिझॉल्व्ह झाली, पण कँटीनला ते कुणी कळवलं नाही. कितीतरी दिवस त्या रिकाम्या खोलीत रोज दुपारी चार कप चहा येत होता. साय धरून गार व्हायचा आणि संध्याकाळी परत जायचा. ट्रेनिंग स्कूल फेज आउट झालं तेव्हा त्याचं दार विटांनी बुजवलं, वर रंग दिला. आतल्या घंटेची वायर मात्र तोडायची राहिली. आजही सकाळी बरोबर आठला त्या भिंतीच्या आतून घंटा वाजते. नवीन लागलेले ऑपरेटर दचकतात. जुने म्हणतात, "काही नाही रे, शाळा भरली." मला ते ऐकून कधी हसू आलं नाही.

आमच्याकडची एक रीत सांगायला हवी. इंग्रजी नोटीस मेलवर कितीही फिरली तरी शॉपमध्ये, म्हणजे खाली मशीनवर, तिला कुणी विचारत नाही. मराठी नोटीस पहिल्या शिफ्टच्या सुरुवातीला, सगळ्यांसमोर, जमिनीवर आखलेल्या पिवळ्या पट्ट्यांच्या चौकोनात उभं राहून मोठ्यानं वाचली की मगच ती लागू झाली असं सगळे मानतात. हे वाचायचं काम एकाच माणसाकडे होतं. शॉपचे एकमेव सुपरवायझर, सगळ्यांत जुने. आम्ही सगळे त्यांना मामा म्हणायचो. चाकणच्या पलीकडच्या गावातलं शेतकरी घराणं, धिप्पाड देह, आणि आवाज असा की चालू मशीनवरून पार टोकाला पोचायचा. मामा कागद आधी बघायचे नाहीत. म्हणायचे, "म्होरच्यांच्या संगंच मलाबी कळंल की. मला आगाऊ कशाला?" समिती गेल्याची नोटीस त्यांनीच वाचली, शाळा गेल्याचीही. सोबत काम केलेल्या माणसांची नावं वाचतानासुद्धा त्यांचा आवाज कधी हलला नाही.

आणि एक दिवस त्यांचंच पद अबॉलिश झाल्याची मेल माझ्या पुढ्यात आली.

सुपरवायझर हे पदच संपलं होतं. त्याच्या जागी शॉपमध्ये कामाचे आकडे दाखवणारा मोठा स्क्रीन बसणार होता. मामांना निवृत्तीपर्यंत दोन नंबर गेटच्या रेकॉर्ड रूममध्ये, एक पायरी खालच्या हुद्द्यावर, जुन्या फायली सांभाळायला पाठवायचं होतं. एचआरच्या साहेबांनी मला बजावलं, "उद्या सकाळी वाचून घ्या. तोवर कुठं बोलायचं नाही."

मला माझे वडील आठवले. आम्ही दापोडीच्या गल्लीत राहायचो. वडिलांना पिंपरीतल्या कंपनीचं असंच एक इंग्रजी पत्र आलं होतं. घरात कुणाला वाचता येईना, म्हणून ते पत्र घेऊन ते तीन घरं फिरले. शेवटी एका घरच्या शिकलेल्या सुनेनं नळावर, सगळ्या बायकांच्या देखत ते वाचलं आणि म्हणाली, "अहो, तुमची कंपनी बंद झाली." तेव्हाचं वडिलांचं तोंड अजून माझ्या डोळ्यांपुढून जात नाही. मी इंग्रजी शिकले ती त्या दिवसाच्या रागातून.

म्हणून मी 'संपुष्टात' लिहिलं नाही. मी लिहिलं, 'सुपरवायझर हे पद पुढील सूचनेपर्यंत स्थगित करण्यात येत आहे.' रेकॉर्ड रूमचं वाक्य पार खाली, बारीक अक्षरात, 'आवश्यकतेनुसार' असा एक शब्द घुसडून टाकलं. साहेबांना मराठी वाचायचा कंटाळा, त्यांनी न बघताच सही ठोकली. मला वाटलं, मी फार मोठं पुण्य केलं.

सकाळी मामांनी नोटीस वाचली. वाचून झाल्यावर कागदाकडे एकदा पाहिलं आणि हसले. "म्हंजी थांबा म्हणत्यात. थांबू की राव! आपण कुठं पळून चाललोय?" सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. आणि मामा थांबले. दोन नंबर गेटला गेलेच नाहीत. पुढील सूचना येईपर्यंत आपली जागा सांभाळायची, एवढं त्यांना स्पष्ट कळलं होतं, कारण मीच तसं लिहिलं होतं.

त्यानंतर जे सुरू झालं ते आधी गेटवर दिसलं.

गेटवर चेहरा ओळखणारं मशीन आहे. समोर उभं राहिलं की चेहऱ्याभोवती हिरवी चौकट येते. मामांची नोंद दोन नंबर गेटला गेली होती, त्यामुळे आमच्या गेटवर ते उभे राहिले की चौकट येईचना. एकदा मी त्यांच्या मागेच रांगेत होते. स्क्रीनवर मामांचा चेहरा स्वच्छ दिसत होता, आणि हिरवी चौकट त्यांना सोडून मागच्या भिंतीवरच्या सुरक्षेच्या पोस्टरवर, हेल्मेट घातलेल्या छापील माणसाभोवती जाऊन बसली. मशीन बोललं, "धन्यवाद." वॉचमननं ओळखीनं हात केला आणि मामा आत गेले.

नंतर बसच्या यादीतून त्यांचं नाव गेलं. व्हॉट्सअॅप ग्रुपमधून गेलं. लॉकरवरची पट्टी कुणीतरी काढली. कुणी काढली ते शेवटपर्यंत कळलं नाही, मी चौकशी केली होती. मोठा स्क्रीन बसला तो नेमका पिवळ्या चौकोनाच्या मागे. मामा सकाळी चौकोनात उभे राहून दिवसाचं काम सांगायचे, आणि समोरची माणसं त्यांच्या खांद्यावरून मागच्या आकड्यांकडे बघायची. मुद्दाम नाही हो. वाईट तेच होतं, मुद्दाम कुणीच काही करत नव्हतं. तिसऱ्या आठवड्यात एक ऑपरेटर चालता चालता त्यांना चक्क धडकला आणि "सॉरी" न म्हणता पुढे गेला. खांबाला धडकावं तसं. मामा आपला खांदा चोळत त्याच्याकडे बघत राहिले.

मी वरून, ऑफिसच्या काचेतून हे सगळं बघत होते. रोज ठरवायची, आज खाली जाऊन सांगायचं. रोज शेपूट घालायची. खोटं कशाला बोलू, एका सकाळी मी काचेतून चौकोनाकडे पाहिलं, मामांचा आवाज माझ्या कानावर येत होता, आणि क्षणभर मलाही चौकोन रिकामा दिसला. मी डोळे चोळले तेव्हा ते तिथंच उभे होते. म्हटलं, बाई, आता हे तुझ्यापर्यंतही आलं.

महिना झाला आणि साहेबांनी आणखी एक इंग्रजी पत्र मराठी करायला पाठवलं. मामांच्या नावानं होतं. 'आपण बदलीच्या जागी रुजू झालेला नाही. गेला महिनाभर आपण विनापरवानगी गैरहजर आहात. तीन दिवसांत खुलासा न केल्यास आपणास सेवेतून कमी करण्यात येईल.' मी ते पत्र वाचत होते तेव्हा खालून मामा कुणाला तरी ओरडत होते, "अरं, गॉगल घाल आदी, मग मशीनला हात लाव!"

मेले, म्हटलं. आता ह्या माणसाची उरलीसुरली नोकरीही माझ्या पुण्यापायी जाणार.

जेवणाच्या सुट्टीत मी खाली गेले. मामा टूल रूमच्या कट्ट्यावर डबा उघडून बसले होते. शेजारी कुणी नव्हतं. मी उभ्या उभ्याच सगळं सांगून टाकलं. मूळ शब्द काय होता, मी काय लिहिलं, का लिहिलं. वडिलांचंही सांगितलं. दोन्ही कागद पुढे केले आणि रडायला लागले.

मामांनी भाकरीचा तुकडा डब्यात ठेवला, हात पुसले. दोन्ही कागद वाचले. मग म्हणाले, "मला वाटलं, मीच येडा व्हायला लागलोय. घरात बी बोललो न्हाई. सकाळी आरशात बघून यायचो, दिसतूय का न्हाई म्हणून."

"मामा, माफ करा. तुम्हाला लागू नये म्हणून..."

"व्हय, कळतंय." ते रागावले नव्हते. रागावले असते तर बरं झालं असतं. "ताई, एवढी वर्सं तुमी लिवलं आन् मी वाचलं. समद्यांना खरं लिवलं तुमी. रडनारी होती त्यांना बी खरं लिवलं. मला एकट्याला झेपायचं न्हाई असं वाटलं तुमास्नी. कंपनीनं माझं पद काढलं, ते काढनारच, त्यांचंच हाय. पर मला खाली कुनी उतरवलं? त्यांनी का तुमी?"

त्यांनी दोन्ही कागद माझ्या हातात परत दिले.

"आता नीट लिवून द्या," ते म्हणाले. "व्हतं तसं. उद्या वाचतो."

मी त्या दुपारी ते लिहिलं. मूळ तारखेसकट, एकही शब्द न गाळता. मग साहेबांच्या केबिनमध्ये जाऊन स्थगितीची चूक माझी होती असं लेखी दिलं. त्यांनी मला काय काय सुनावलं ते इथं सांगत बसत नाही. गैरहजेरीचं पत्र मात्र त्यांनी मागे घेतलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी काचेमागे थांबले नाही. खाली जाऊन सगळ्यांच्या मागे उभी राहिले. मामा चौकोनात आले. पहिल्यांदा त्यांनी भिंतीवरचं बटण दाबून मागचा स्क्रीन बंद केला. मग खिशातून कागद काढला आणि नेहमीच्या आवाजात वाचायला सुरुवात केली. 'सुपरवायझर हे पद कायमचे संपुष्टात आणण्यात येत आहे. सदर पदावरील कर्मचाऱ्याचा हुद्दा एक पायरीने कमी करण्यात येत आहे.' खाली स्वतःचं नाव होतं, तेही वाचलं. आवाज हलला नाही. शेवटी तारीख वाचली आणि मान वर केली.

"म्हंजी गेला महिना मी हितं न्हवतोच," ते म्हणाले. "आन् तुमाला ते माझ्या आदी कळलं व्हतं."

एकही मशीन अजून सुरू झालं नव्हतं. शंभरएक माणसं मान खाली घालून उभी होती. तो धडकलेला ऑपरेटर माझ्या पुढेच होता, त्याचे कान लालबुंद झाले होते. मामांनी कुणालाही बोल लावला नाही. माझं नाव घेतलं नाही. कागदाची घडी घालून त्यांनी विचारलं, "पार मागं ऐकू गेलं का?"

मग मीच म्हटलं, "आलं, मामा. सगळं ऐकू आलं."

त्यांनी मान हलवली, डबा उचलला आणि दोन नंबर गेटच्या दिशेनं चालायला लागले. वाटेतली माणसं बाजूला होऊन त्यांना जागा देत होती.