तुंदुक कोण धरणार

जिपार असानबेकोवा किर्गिझ डोंगरांतल्या आमच्या नारिनच्या शिक्षक महाविद्यालयात मानसशास्त्रज्ञ म्हणून लागली तेव्हा तिला तळमजल्यावर एक खोली, दोन खुर्च्या आणि दारावर पितळी पाटी मिळाली. सगळा शरद ऋतू सरला तरी त्या दारातून एकही विद्यार्थी आत गेला नाही.

ती माझ्या वरच्या मजल्यावर राहते. मी आपल्या मुलखातून या गावात नवऱ्याबरोबर आले, याच कॉलेजात इंग्रजी शिकवून निवृत्त झाले, ते गेल्यावरही इथेच राहिले. जिन्यावरून धडधडत कोण उतरतंय हे मला न बघता कळतं. जिपार चालत नाही, सुटते. पस्तिशीची, रुंद खांद्यांची, कोटाच्या खिशात कायम सूर्यफुलाच्या बिया. विनोद सांगताना शेवट यायच्या आधीच स्वतः हसते, त्यामुळे तिचे निम्मे विनोद मला अजून कळलेले नाहीत.

"आपा, एक गंमत सांगू?" एका संध्याकाळी ती माझ्या टेबलावर बिया सोलत म्हणाली. "कॉलेजातल्या सगळ्या पोरांच्या बुटांच्या नाड्या नेमक्या माझ्याच दारात सुटतात. येतात, पाटीसमोर घुटमळतात, तेवढ्यात कुणी दिसलं की खाली वाकतात. नाडी बांधतात आणि चालू पडतात."

"मग दार उघडून आत बोलव."

"बोलावलं की पळतात. माझ्या खोलीत गेला तो वेडा. आणि वेड्याच्या बहिणीला कोण करून घेणार? इथे शिंकलं तरी गावात कळतं."

ती हसत होती, पण त्या हिवाळ्यात हसण्यासारखं फार काही नव्हतं. आमच्याकडे परीक्षा तोंडी असतात. टेबलावर पालथ्या चिठ्ठ्या मांडलेल्या, त्यातली एक उचलायची, थोडा वेळ विचार करायचा आणि तीन परीक्षकांसमोर उभं राहायचं. मी स्वतः कॉन्व्हेंटात शिकले, सिस्टरांसमोर उभं राहणं काय असतं ते मला ठाऊक आहे. पण माझ्यामागे फक्त आईबाप होते. इथल्या पोरामागे अख्खं गोत उभं असतं. पोरगं कॉलेजात लागलं की गावात मेंढा कापतात, म्हातारे हात पसरून आशीर्वाद देतात. मग ते पोर फोनवर काय सांगणार? "कसं चाललंय?" "जाकशी." जाकशी म्हणजे बरं, ठीक, उत्तम, सगळं काही. त्या हिवाळ्यात एक मुलगी परीक्षेच्या दारात चक्कर येऊन पडली, शुद्धीवर आली आणि पहिला शब्द बोलली तो जाकशी.

फेब्रुवारीत एका दुपारी जिपार दोन-दोन पायऱ्या गाळत माझ्याकडे आली. "आपा, सापडलं. युर्त."

मार्चमधल्या नवरोजला गावच्या मैदानावर युर्त, म्हणजे इथला लोकरीच्या नमद्यांचा गोल तंबू, उभारायची शर्यत असते. दरवर्षी बाजारवाले, अग्निशामक दल, शाळा, सगळे उतरतात. आमचं कॉलेज दरवर्षी शेवटून पहिलं येतं. जिपार प्राचार्य तुरात यांच्याकडे गेली आणि संघ माझ्या हाती द्या म्हणाली. त्यांचं उत्तर तिने मला त्यांच्याच आवाजात करून दाखवलं. "बाई, तुम्हाला मनाचं काम दिलंय, तंबूचं नाही."

"मग तू काय म्हणालीस?"

"म्हटलं, मनं माझ्या खोलीत येत नाहीत, तंबूत येतील. ते म्हणाले, हरलात तर पाटी काढून घेईन. म्हटलं, घ्या, तशीही ती फक्त माझाच चेहरा दाखवते."

आणि तिने निवडले कोण, तर ज्यांच्या नाड्या तिच्या दारात सुटत होत्या ते आठ जण. चेहरे तिने नीट पाहिले नव्हते, कारण ते खाली वाकलेले असायचे. बूट पाहिले होते. खाणावळीत टेबलांखाली बघत फिरली आणि एकेकाच्या खांद्यावर हात ठेवत गेली. "तू. आणि तू. उद्या नदीकाठी." मुलं इतकी गोंधळली की नाही म्हणायचंच विसरली.

तो सराव मी पाहिला. रोज थर्मासभर खारा दुधाचा चहा आणि बोरसोक, पिठाचे तळलेले तुकडे, घेऊन जायचे. माझ्या रोजनिशीत त्या आठवड्यांत हवामान आणि जिपार यांच्याशिवाय दुसरं काही नाही. अर्धवट वितळलेला बर्फ, घोट्यापर्यंत चिखल, आणि त्यात आठ पोरं जाळीच्या भिंती ताणून गोल बांधतायत. मग खरं अवघड काम. छताचं लाकडी कडं, तुंदुक, ते एकाने दुबेळक्याच्या काठीवर तोलून मधोमध उंच धरायचं, आणि बाकीच्यांनी चहूबाजूंनी वाकडे वासे त्याच्या भोकांत बसवायचे. चारी बाजूंनी वासे लागेपर्यंत मधल्या माणसाला हलता येत नाही. नाक खाजलं तरी नाही.

तुंदुक धरायला उलारबेक होता. गणिताच्या दुसऱ्या वर्षाचा, खांबासारखा उंच, डोळ्यांखाली काळं. त्याच्याहून दोन हात बुटकी सायकाल वासे पळवायची आणि तोंडाचा पट्टा थांबू द्यायची नाही. "उलार, सरळ धर रे. तुझ्या डोक्यावर घर उभं राहतंय, सासू नाही."

आपल्याकडे म्हणतात, घर फिरलं की वासेही फिरतात. इथे मी वासे फिरवता फिरवता पोरांची तोंडं उघडताना पाहिली. हात गुंतलेले, नजर वर, कुणाला कुणाच्या डोळ्यांत बघावं लागत नाही. अशा वेळी माणूस बोलतो. जिपारला हेच हवं होतं, आणि ती मुद्दाम काहीच विचारत नव्हती, फक्त "डावीकडे, डावीकडे" ओरडत होती.

"चिठ्ठी उचलताना माझा हात मला दिसतच नाही," सायकाल एकदा म्हणाली. "कुणा दुसऱ्याचाच वाटतो."

"मला उलटी होते," एकजण म्हणाला.

"म्हणून तू सकाळी खात नाहीस होय? मी समजत होते कंजूष आहेस."

सगळे हसले. आणि त्या हसण्यात वरून, तुंदुकाखालून, उलारबेकचा आवाज आला. "मी चिठ्ठी उचललीच नाही. दारापर्यंत गेलो आणि परत फिरलो. दोन्ही विषयांना."

सायकालच्या हातातला वासा दुसऱ्या वाशावर आपटला.

"मग आता?" सायकालने विचारलं.

"मे महिन्यात फेरपरीक्षा आहे. नाही दिली तर नाव कमी होईल."

"आणि घरी?"

"घरी मी पास आहे."

त्या दिवशी सराव संपल्यावर जिपारने त्याला थांबवून घेतलं. मी कप गोळा करत होते. जेवलास का असं विचारावं तशा आवाजात तिने विचारलं, "उलार, मरून जावं असं मनात येतं का?"

माझ्या हातातलं थर्मासचं झाकण चिखलात पडलं. उलारबेक नदीकडे बघत म्हणाला, "येतं. पुलावरून जाताना येतं."

"आज आलं?"

"आज नाही. आज हात दुखत होते."

"बरं झालं सांगितलंस," ती म्हणाली आणि त्याच्या हातात हात घालून थेट इस्पितळात डॉक्टरांकडे घेऊन गेली. त्याच्या खोलीतल्या मित्राला त्याच्या संमतीने सगळं सांगितलं, आणि पुलावरून तो एकटा जाणार नाही अशी व्यवस्था झाली. रात्री मी तिला म्हटलं, "असं तोंडावर विचारायची मला भीती वाटली असती." ती म्हणाली, "आपा, विचारून ते डोक्यात शिरत नाही. आधीच शिरलेलं असतं, विचारलं की निदान बाहेर यायला वाट मिळते." मी तिथे होते हे उलारबेकला ठाऊक आहे, आणि हे लिहायला त्याने मला परवानगी दिली आहे.

डॉक्टरांच्या गोळ्यांनी त्याला झोप लागू लागली. उरलं एकच. बापाला, त्याच्या आकेंना, सांगायचं. "फोनवर तोंडातून जाकशीच येतं," तो जिपारला म्हणाला. "आके नवरोजला येतायत. समोर सांगेन." शर्यतीसाठी युर्तही त्याचे आकेच आणणार होते, त्यांची स्वतःची, उन्हाळ्यात डोंगरावर ज्यात घरातले सगळे राहतात ती.

नवरोजच्या सकाळी सगळं गाव मैदानावर. मोठाल्या कढयांत सुमोलोक, मोड आलेल्या गव्हाची खीर, रटरटतंय, घोडे खिंकाळतायत, ध्वनिक्षेपकावर कुणीतरी आपलंच नाव परत परत सांगतंय. अतबाशी गावाहून ट्रक आला आणि उंच पांढरी टोपी घातलेले उलारबेकचे आके, सूरोनबाय, खाली उतरले. गुडघ्यांत वाकलेले, छाती मात्र पुढे. भेटेल त्याला सांगत होते, "तो उंच दिसतोय ना, माझा. गणिताचा मास्तर होणार."

उलारबेक दोनदा त्यांच्याजवळ गेला. दोनदा म्हणाला, "आके, एक बोलायचंय." पहिल्यांदा मध्ये काका आले. दुसऱ्यांदा त्याचाच आवाज फुटला नाही, आणि सूरोनबाय म्हणाले, "शर्यतीनंतर बोल. आधी जिंक." जिपार लांबून बघत होती. तिने बियांची अख्खी मूठ सालांसकट तोंडात टाकली.

शिट्टी झाली.

मी आजवर बऱ्याच शर्यती पाहिल्या, पण अशी नाही. आमच्या पोरांनी दाराची चौकट उभी केली तेव्हा अग्निशामक दलवाले अजून दोर सोडवत होते. जाळी ताणली, बांधली. सायकाल पळता पळता बाजारवाल्यांना म्हणाली, "काका, बसा, दमला असाल." लोक शर्यतीच्या जागेभोवती बांधलेल्या दोरापाशी गोळा झाले. कॉलेज पुढे आहे ही बातमी मैदानभर पसरली आणि प्राचार्य तुरात कढईजवळचा वाडगा हातात घेऊनच धावत आले.

उलारबेकने तुंदुक उचललं. एक वासा लागला, दुसरा लागला. आणि कडं हलायला लागलं. आधी थोडं, मग जोरात. मी त्याचा चेहरा पाहिला. पांढराफटक, ओठ उघडे, श्वास अर्ध्यावर अडकलेला. सरावात एवढी माणसं नव्हती. परीक्षेच्या दारात त्याला हेच झालं असणार.

"मी धरतेय, श्वास सोड," सायकाल खालून ओरडत होती, पण तिचा हात काठीच्या निम्म्यापर्यंतसुद्धा पोचत नव्हता. कडं एका बाजूला कललं.

आता, शर्यतीचा नियम आहे की संघाबाहेरच्या माणसाने दोराच्या आत पाऊल टाकायचं नाही. पण सूरोनबायांसारख्या माणसाने आयुष्यात कधी युर्त उभी राहताना हात बांधून पाहिलेली नाही. डोंगरावर परक्याची युर्त दिसली तरी घोडा थांबवून दोन वासे लावून पुढे जायचं, ही इथली रीत. आणि ही तर स्वतःची. त्यांनी नियमाचा विचारच केला नाही. दोराखालून वाकून घुसले, वासा उचलला, खट्कन बसवला, दुसरा घेतला.

पंच धावला. "अहो म्हातारबा, बाहेर व्हा."

"तू हो बाहेर. कडं पडतंय दिसत नाही?"

ते पोराच्या अगदी समोर आले. पोराचे दोन्ही हात वर, बापाचेही. दोघांनाही कुठे जाता येत नव्हतं. आणि उलारबेक बोलला, असा की दोराबाहेर मलाही ऐकू आलं. "आके, मी पास नाही. परीक्षा दिलीच नाही. भीती वाटली आणि पळून आलो."

सूरोनबायांचा हात वाशावर थांबला. "केव्हा?"

"हिवाळ्यात."

"आणि फोनवर तू मला..."

"हो."

"डावीकडे घे. आणखी." वासा बसला. "गाढवा, एवढं वजन एकट्याने धरतात का?"

 उलारबेकचे डोळे वाहत होते आणि पुसायला हात मोकळा नव्हता. बापाने पुढचा वासा लावला आणि दुसऱ्या हाताच्या बाहीने पोराचं नाक पुसलं, लहान असताना पुसत असतील तसं. "धर. मी आहे इथे. ए पोरी, वासे आण, बघतेस काय?"

सायकाल सुटली. पंच म्हणत होता, "संघ बाद, बाहेरचा माणूस आत शिरला, संघ बाद." कुणी ऐकलं नाही. वासे लागत गेले, नमदे चढले, दोर आवळले, आणि आमची बाद झालेली युर्त सगळ्यांच्या आधी उभी राहिली. लोकांनी टोप्या उडवल्या. अग्निशामक दलाला बक्षिसाचा मेंढा मिळाला आणि त्यांच्याकडे कुणी बघितलंही नाही. प्राचार्य तुरात जिपारला म्हणाले, "हरलात."

"हो," ती म्हणाली. "पाटी केव्हा काढताय?"

त्यांनी हातातल्या वाडग्याकडे बघितलं. "स्क्रू गंजलेत," म्हणाले आणि निघून गेले. सहा महिन्यांच्या पाटीचे.

दुपारी त्याच युर्तीत आम्ही सगळे जेवायला बसलो. बापलेक बराच वेळ बाहेर घोड्यांपाशी उभे होते. आत आले तेव्हा ठरलं होतं. औषध चालू ठेवायचं, मे महिन्यात परीक्षेला बसायचं. नाहीच जमलं तर उन्हाळा डोंगरावर काढायचा आणि पुढच्या वर्षी परत प्रयत्न करायचा. सूरोनबाय जिपारसमोर मांडी घालून बसले आणि टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

"पोरी, तू शिकलेली आहेस. मला एक सांग. मी रोज फोन करतो. कसं चाललंय विचारतो. तो जाकशी म्हणतो, मी ठेवतो. मग काय विचारू?"

जिपार या वेळी हसली नाही. "कसं चाललंय सोडून काहीही विचारा."

त्यांनी लगेच विचारून पाहिलं. "काय खाल्लंस?"

"चालेल."

"झोप लागली का?"

"छान. आणि तो वाईट काही बोलला तर लगेच उपाय सांगू नका. थोडं ऐकून घ्या."

"ते अवघड आहे," सूरोनबाय प्रामाणिकपणे म्हणाले. "मी बाप आहे."

उन्हं कलल्यावर युर्त उतरवून ट्रकवर चढली. ट्रक मैदानाच्या टोकापर्यंत गेला असेल नसेल, उलारबेकचा फोन वाजला. तो आमच्या शेजारीच उभा होता.

"काय खाल्लंस?" फोनमधून इतका मोठा आवाज आला की जिपारने तोंडावर हात ठेवला.

"आके, आत्ताच तुमच्यासमोर खाल्लं की."

"ते मला माहीत आहे. मला विचारायला सांगितलंय. सांग."

उलारबेकने रस्त्यावरच्या ट्रककडे बघून हात हलवला. मग मांसाच्या तुकड्यापासून सुरुवात करून त्याने सगळं सांगायला घेतलं.