माणूस आजारी पडायच्या आधी

शालन गेल्याचा फोन आला तेव्हा मी कुपवाडला, माझ्या वर्कशॉपमध्ये होतो. तिच्या बहिणीला एवढंच बोलता आलं, "दादा, शालन गेली…" महिनाभराचं दुखणं. ती जाऊन आता सहा आठवडे झाले.

सांगलीच्या कॉलेजात आम्ही एका वर्गात होतो. ती आटपाडीकडची, मेंढरांमागं वाढलेली. तिचा थोरला भाऊ बिरूदा इथल्याच एका कारखान्यात रसायनानं यंत्रांचे भाग धुवायचा. त्याचं यकृत बिघडलं. डॉक्टरांचा पहिला प्रश्न, "किती पिता?" बिरूदानं जन्मात दारूला हात लावला नव्हता, पण तो जाईपर्यंत भावकीत कुणाला ते पटलं नाही. तेव्हापासून शालन इरेला पेटली. शिकत राहिली, साताऱ्यात प्रयोगशाळा उभी केली. माणसाच्या यकृताच्या पेशी काचेच्या ताटलीत वाढवायच्या, त्यांवर रसायनाचा किंचित अंश सोडायचा आणि पेशी मरायच्या आधीच त्यांची कोणती जनुकं जागी झाली, कोणती गप्प बसली, ते वाचायचं. ठाऊक असलेल्या विषांनी होणाऱ्या बदलांशी ते ताडून पुढचा धोका ओळखायचा… हेच तिचं काम.

काही वर्षांपूर्वी मी भाग धुवायला नवं द्रावण आणलं. स्वस्त, गोडसर वासाचं. शालननं त्याची बाटली मागून नेली आणि काही आठवड्यांनी स्वतःच येऊन उभी राहिली.

"हे बंद कर. यकृत बिघडवणाऱ्या रसायनांसारखंच दिसतंय."

"अगं, पण एकही माणूस आजारी नाही."

"आजारी पडल्यावर कळायला माझी प्रयोगशाळा कशाला पायजे रं?"

"शंभर टक्के खात्री आहे?"

"न्हाई. अंदाज हाय. बिरूदाच्या येळला तेवढाबी नव्हता."

मोठी ऑर्डर हातात होती. मी टाळाटाळ केली. मग ती दर शनिवारी साताऱ्याहून एसटीनं येऊ लागली. जेवणाच्या सुट्टीत कामगारांत बसायची, एकेकाला विचारायची. एकदा भाग धुणाऱ्या हौसाबाई म्हणाल्या, "आवं ताई, मला हल्ली जेवानच जाईना. उन्हाचं आसंल म्हनलं…" मी मागंच उभा होतो. दुसऱ्या दिवशी सगळ्यांचं रक्त तपासायला दिलं. हौसाबाई आणि आणखी एकाच्या यकृताला त्रास सुरू झाला होता. मी पिंपं परत पाठवली. काही महिन्यांनी दोघांचे रिपोर्ट नीट आले. आभार मानायला शालनला फोन केला, तर म्हणाली, "ते राहू दे. आता नवीन काय आणलंयस? धाड इकडं."

गेल्या आठवड्यात एका नव्या द्रावणाची बाटली घेऊन साताऱ्याला गेलो. शालनच्या सहकारी मीनाताईंनी फ्रीज उघडला. आत नमुन्यांची रांग, प्रत्येकावर शालनच्या अक्षरातली चिठ्ठी. रसायनाच्या नावाखाली ते रोज हाताळणाऱ्या माणसाचं नाव. 'तुकाराम, रंगकाम.' 'शबाना, चामड्याचं काम.' मीनाताईंनी कोरी चिठ्ठी माझ्यापुढं सरकवली. "तुम्हीच लिहा." हे द्रावण आमच्याकडे कोण वापरणार, ते ठरलं नव्हतं. मी पेन उघडलं आणि माझं नाव लिहिलं.