सायलसच्या आजीचे पहिले नाव

मी शिकलो तो साळवे बाईंमुळे. नगर जिल्ह्यातल्या आमच्या मिशन शाळेच्या त्या मुख्याध्यापिका. वडील बाजार समितीत हमाल, घरात कॉलेजचे तोंड कोणी पाहिलेले नाही. इंजिनिअरिंगच्या प्रवेशाचा अर्ज बाईंनी समोर बसवून भरून घेतला. कंपनीने सहा आठवड्यांसाठी कतारला पाठवायचे ठरवले, तेव्हा आधी त्यांना फोन केला आणि मग घरी.

दोहात विश्वचषकाची तयारी जोरात होती. विमानतळापासून अल सद्द वस्तीपर्यंत क्रेन, खणलेले रस्ते आणि फुटबॉलचे फलक. नाशिकचा मित्र निखिल तिथे नोकरीला होता, त्याच्या फ्लॅटवर उतरलो. त्याने करक (वेलची घालून उकळलेला घट्ट दुधाचा चहा) पाजला आणि बजावले की उन्हाळ्यात इथे पहाटे कामाला लागायचे, दुपारी बाहेरचे काम बंद.

पहिल्याच सकाळी फजिती झाली. माझे काम स्टेडियमभोवतीच्या रस्त्यांच्या मोजणीचे. गारेगार गाडीतून यंत्र काढून तिपाईवर चढवले आणि समुद्रावरच्या दमट हवेने भिंग पांढरे झाले. पाठोपाठ चष्माही. पुसावे तो पुन्हा धूसर.

"पुसू नकोस, थांब जरा. त्याला इथली हवा कळू दे," मागून कोणीतरी म्हणाले.

हा सायलस, साइटवरचा सुरक्षा अधिकारी. कॅनडातल्या जेम्स उपसागराकाठचा, क्री समाजातला. (क्री म्हणजे अल्गॉन्क्वियन कुळातली भाषा बोलणारे तिथले मूळ रहिवासी.) त्याच्या गावी चष्मा घरात शिरताना धूसर होतो, इथे घराबाहेर पडताना होतो, एवढाच काय तो फरक, असे त्याचे म्हणणे.

दुपारी पत्र्याच्या थंड खोलीत आम्ही एकत्र डबे खाऊ लागलो. त्याने माझा ठेचा चाखला, दोन बाटल्या पाणी प्यायला आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा मागितला.

तिसऱ्या आठवड्यात तो गप्प गप्प दिसला. विचारले तेव्हा कळले की गुरुवारी तो घरी निघणार होता. मुलगी दोन महिन्यांची झाली होती, आणि ऐंशी उलटलेली आत्या सगळ्यांसमोर तिचे नाव ठेवणार होती. आत्याला आपल्या आईचे, म्हणजे सायलसच्या आजीचे नाव हवे होते. पण खरे. आजीला लहानपणीच मिशनच्या निवासी शाळेत नेले आणि तिथे ती डोरोथी झाली. आधीच्या नावाने हाक मारली तर शिक्षा व्हायची. पुढे ते नाव तिने कधीच उच्चारले नाही.

"वाचायला तिला त्यांनीच शिकवलं, आणि नावही त्यांनीच काढून घेतलं," सायलस म्हणाला. "दोन्ही खरं आहे. आत्या अजून एक हिवाळा काढेल की नाही, माहीत नाही."

मिशनच्या जुन्या वहीचे फोटो त्याच्या फोनमध्ये होते. बाप्तिस्म्याची पाने घरच्यांनी पुन्हा पुन्हा वाचली होती. नुसते डोरोथी.

नववीच्या सुट्टीत बाईंनी माझ्याकडून आमच्या वसतिगृहाची जुनी वही उतरवून घेतली होती. ते काम मला तेव्हा आठवले. त्या काळी प्रत्येक मुलामागे परदेशातला एक दाता असे, आणि पुष्कळदा मुलीला त्या दात्या बाईचेच नाव देत. दात्याला मुलीची खुशाली कळवावी लागे. एकाच नावाच्या दोघी-तिघी निघत, म्हणून पाद्री वहीच्या शेवटी पत्रांची यादी ठेवत आणि ओळख पटावी म्हणून तिथे आधीचे नाव लिहीत.

"शेवटची पानं काढ," मी म्हणालो.

"ती पत्रांची यादी आहे. आम्ही कोणी पाहिलीसुद्धा नाही."

"तीच काढ."

कुणा डोरोथी बाईंना पाठवायचे पत्र. नदीकाठची मुलगी. आणि पुढे बारीक लेखणीने एक शब्द. सायलसने तो मोठा करून पाहिला. मग फोन घेऊन तो तसाच भर उन्हात बाहेर गेला. तिकडे पहाट होती, पण आत्या जागी असते म्हणे.

परत आला तेव्हा हेल्मेट काखेत होते. सुरक्षा अधिकाऱ्याला तसे मी एरवी कधी पाहिले नाही.

"आजीचा भाऊ तिला हीच हाक मारायचा, आत्याला आठवतंय," तो म्हणाला. "आम्हाला वाटायचं, लाडाचं नाव असेल." मग बसला, आणि माझा डबा स्वतःकडे ओढत म्हणाला, "कुठे लिहू नकोस हं. आधी आत्याच्या तोंडून पोरीनं ऐकायचं."

त्या दुपारी मला किती हलके वाटले, सांगता येत नाही. पुढच्या आठवड्यात आत्याच्या मांडीवरच्या बाळाचा फोटो आला. सहा आठवडे संपवून मी पुण्याला परतलो. आमच्या वसतिगृहाच्या वहीकडे मी इतकी वर्षे फक्त चांगल्या अक्षराचे काम म्हणून पाहत आलो होतो. घरी पोचल्यावर बाईंना पत्र लिहिले.

"आदरणीय बाई, दोहातल्या माझ्या मित्राच्या, सायलसच्या, मुलीचे नाव ठेवले गेले. सगळी हकीकत भेटल्यावर सांगेन. एक गोष्ट मात्र आजच लिहितो. आपल्या वहीतल्या यादीत तुमच्या आईच्या, एमिलीबाईंच्या ओळीतही आधीचे नाव होते. मी ते उतरवले होते. तुम्ही माझे प्रत्येक पान तपासलेत. तेवढे एक न पाहता मिटलेत आणि म्हणालात, तू लिहिलंयस ना, बरोबरच असेल. ते नाव मला आठवते. हवे असेल तेव्हा विचारा. नाही विचारलेत तरी मी दिवाळीत येतोच आहे. तुमचा, दत्तू."